हेमाद्री पंडित : देवगिरीच्या दरबारातला कारभारी



चौसाळ्यातल्या कुठल्याही मुलाला विचारा, जुनं दगडी मंदिर कोणी बांधलं? उत्तर ठरलेलं आहे: हेमाडपंताने. मोडी लिपी कोणी आणली? हेमाडपंताने. आणि आपण थंडीत ज्या बाजरीच्या भाकरीवर जगतो ती बाजरी? तीही लंकेहून हेमाडपंतानेच आणली, असं आजी सांगते. स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकात या तीन गोष्टी तीन ओळीत छापलेल्या असतात आणि मुलं त्या पाठ करतात. मात्र हा माणूस नेमकं काय काम करायचा, त्याचा पगारी हुद्दा कोणता, तो कोणाच्या हाताखाली होता, असं विचारलं की वर्ग गप्प होतो. आपण मोठी माणसंही बहुतेक वेळा गप्पच होतो. म्हणून आजचा पाठ हेमाद्री पंडितांवर. पाठ जरा लांबला आहे, दोन तासिकांत घ्या.

पहिली गोष्ट मुलांना नकाशावर दाखवा. आपलं चौसाळा सोलापूर-धुळे रस्त्यावर आहे. याच रस्त्याने बीड, गेवराई ओलांडून छत्रपती संभाजीनगरला गेलं की पुढे लागतो देवगिरीचा किल्ला, ज्याला आपण दौलताबाद म्हणतो. बाराव्या शतकाच्या शेवटी यादव राजा भिल्लम पाचवा याने तिथे राजधानी केली आणि त्यानंतर शंभराहून जास्त वर्षं आपल्या भागाचा सगळा कारभार तिथून चालत होता. सारा किती, कोणतं गाव कोणाला इनाम, कोणत्या देवळाला किती तेल, हे सगळं कुठेतरी लिहून ठेवावं लागे. जिथे हे लिहिलं जाई त्या खात्याला श्रीकरण म्हणत. करण म्हणजे दप्तर, हिशेब. या खात्याचा प्रमुख तो श्रीकरणाधिप. हेमाद्री पंडित हे यादव राजा महादेव आणि त्याच्यानंतरचा रामचंद्र, या दोघांचे श्रीकरणाधिप होते.

आजच्या भाषेत सांगायचं तर मुख्य सचिव आणि महालेखापाल ही दोन्ही कामं एकाच माणसाकडे. त्यातही भर म्हणजे शके 1194, म्हणजे इ.स. 1272 च्या ठाण्याच्या ताम्रपटात हेमाद्रींचं वर्णन मंत्री म्हणून तर आहेच, शिवाय हत्तीदलाच्या माहुतांचा प्रमुख म्हणूनही आहे. झाडीमंडळ, म्हणजे विदर्भाच्या पूर्वेकडचा जंगलपट्टा, त्यांनी जिंकला असंही त्यात म्हटलं आहे. मुलांना हे सांगा, त्यांना मजा वाटते. ज्याच्याकडे वह्या त्याच्याकडेच हत्ती!

पण थोडा विचार केला तर यात नवल नाही. हत्ती म्हणजे त्या काळचा सर्वात महागडा सरकारी खर्च. चारा, माहूत, औषधपाणी, साखळदंड, प्रत्येकाचा हिशेब. ज्याला हिशेब कळतो त्याच्याकडे ते खातं जाणं साहजिक होतं. हेमाद्रींच्या आधी, कृष्ण राजाच्या काळात, जल्हण नावाचा अधिकारीही हत्तीदल सांभाळायचा, आणि त्याने 1258 मध्ये सूक्तिमुक्तावली नावाचा संस्कृत सुभाषितांचा संग्रह केला. म्हणजे हत्ती आणि ग्रंथ ही जोडी देवगिरीत जुनीच.

श्रीकरण खात्याचंही तसंच. सिंघण राजाच्या वेळी या खात्यावर सोढल नावाचे गृहस्थ होते. त्यांचं घराणं मूळचं काश्मीरचं. त्यांचा मुलगा शार्ङ्गदेव, याने लिहिलेला संगीतरत्नाकर आजही हिंदुस्थानी आणि कर्नाटकी अशा दोन्ही संगीताचे अभ्यासक उघडून बसतात. हिशेबाच्या दप्तरातून संगीताचा एवढा मोठा ग्रंथ निघाला, हे आपल्याकडे फार कमी जणांना माहीत आहे. आपण मुलांना सांगतो की कारकुनी म्हणजे रटाळ काम. देवगिरीच्या कारकुनांना हे कोणी सांगितलेलं दिसत नाही.

आता घराण्याविषयी थोडं. हेमाद्रींनी आपल्या ग्रंथात स्वतःची ओळख दिली आहे. वडील कामदेव, आजोबा वासुदेव, पणजोबा वामन, गोत्र वत्स. यापलीकडे बालपणाच्या ज्या गोष्टी ऐकू येतात त्या मी इथे देत नाही.

महादेव राजा 1260-61 च्या सुमारास गादीवर आला. त्याचा मोठा भाऊ कृष्ण वारला, तेव्हा कृष्णाचा मुलगा रामचंद्र लहान होता, म्हणून गादी भावाकडे गेली. या महादेवाच्या दहा वर्षांत हेमाद्रींचं नाव मोठं झालं आणि त्याच दहा वर्षांत त्यांचा मुख्य ग्रंथ तयार झाला, असं भारतरत्न पांडुरंग वामन काणे यांनी धर्मशास्त्राच्या इतिहासात ठरवलं आहे. ग्रंथाचं नाव चतुर्वर्गचिंतामणी. व्रत, दान, तीर्थ, मोक्ष आणि परिशेष असे त्याचे पाच खंड. कोलकात्याच्या एशियाटिक सोसायटीने 1873 पासून तो छापायला घेतला आणि 1911 पर्यंत हे काम चाललं. अडतीस वर्षं! तरी तीर्थखंड आणि मोक्षखंड त्यात नाहीत.

या ग्रंथात आहे काय? तुमच्या घरात वर्षभरात किती व्रतं होतात ते आठवा. वटपौर्णिमा, हरतालिका, ऋषिपंचमी, संकष्टी, एकादशी, सोळा सोमवार. फार तर वीसपंचवीस होतील. व्रतखंडात सुमारे दोन हजार व्रतं आहेत. कोणत्या तिथीला, कोणत्या वाराला, कोणत्या नक्षत्रावर, काय खायचं, काय नाही, कोणाची पूजा, कोणाला काय द्यायचं. पुराणांत आणि स्मृतींत जागोजागी पसरलेले उतारे शोधून, विषयवार लावून, प्रत्येकाचा आधार देऊन ते मांडले आहेत. काही मूळ ग्रंथ पुढे नाहीसे झाले किंवा बदलले, त्यांतले उतारे हेमाद्रींमुळे टिकले. दानखंडातही तसंच. राजाने स्वतःच्या वजनाइतकं सोनं द्यायच्या तुलापुरुषदानापासून पुढे दानांचे प्रकारच प्रकार.

मला हा ग्रंथ चाळताना सारखं वाटतं की हे एका हिशेबनीसाचं काम आहे. भक्ताचं पुस्तक असं नसतं. भक्त एकाच व्रतावर थांबतो. हे म्हणजे रजिस्टर आहे, एकही नोंद सुटता कामा नये अशा जिद्दीने भरलेलं. ज्या शिक्षकांनी शाळेचं जनरल रजिस्टर सांभाळलंय त्यांना ही जिद्द लगेच ओळखू येईल. एक मात्र मुलांपासून लपवू नका. या व्यवस्थित रजिस्टरात दान घेणारा कोण आणि देणारा कोण हे जन्मावरून ठरलेलं आहे. कोणाला कोणतं व्रत करता येईल, कोणाला नाही, हेही. तेराव्या शतकातला दरबार समाजाकडे कसा पाहत होता हे समजून घ्यायला याहून चांगला पुरावा नाही, आणि तो पुरावा म्हणूनच वाचायचा.

हेमाद्रींनी आयुर्वेदावरही लिहिलं. वाग्भटाच्या अष्टांगहृदयावर त्यांची आयुर्वेदरसायन नावाची टीका आहे. मुंबईच्या निर्णयसागर छापखान्याने अरुणदत्ताच्या टीकेबरोबर ती छापली आणि आयुर्वेद महाविद्यालयातली मुलं आजही ती वाचतात. तुमच्या ओळखीत कोणी आयुर्वेदाचे डॉक्टर असतील तर विचारून बघा, हेमाद्री म्हटल्यावर त्यांना मंदिर आठवणार नाही, ही टीका आठवेल.

त्यांच्या आश्रयाला बोपदेव नावाचा विद्वान होता. वैद्य केशव यांचा मुलगा, वऱ्हाडाकडचा. त्याने मुग्धबोध नावाचं संस्कृत व्याकरण लिहिलं. पाणिनीपेक्षा सोपं, नव्याने शिकणाऱ्यांसाठी. गंमत अशी की हे व्याकरण आपल्याकडे फारसं चाललं नाही, पण बंगालमध्ये शेकडो वर्षं पाठशाळांत तेच शिकवलं गेलं. बोपदेवाच्या मुक्ताफल या ग्रंथावर कैवल्यदीपिका ही टीका हेमाद्रींच्या नावावर आहे. आश्रय देणाऱ्याने आश्रिताच्या पुस्तकावर टीका लिहायची, हा प्रकार आजच्या साहित्य संमेलनवाल्यांनाही जमणार नाही.

आता जरा अवघड भागाकडे येऊ. इतिहास शिकवताना आपण पुराव्यांची साधनं शिकवतो ना? भौतिक, लिखित, मौखिक. हेमाद्री हे लिखित साधनाचं उत्तम उदाहरण आहे, कारण यादवांचा इतिहास आपल्याला बराचसा त्यांच्यामुळेच कळतो. व्रतखंडाच्या सुरुवातीला त्यांनी राजप्रशस्ती दिली आहे. मूळ पुरुषापासून महादेवापर्यंत यादव राजांची वंशावळ आणि प्रत्येकाचे पराक्रम. रामकृष्ण गोपाळ भांडारकरांनी दख्खनचा प्राचीन इतिहास लिहिला तेव्हा यादवांसाठी त्यांचा मोठा आधार हाच होता. म्हणजे सातशे वर्षांपूर्वीच्या एका सरकारी अधिकाऱ्याने आपल्या साहेबांविषयी जे लिहिलं, त्यावर पुढचा इतिहास उभा राहिला.

आणि साहेबांविषयी सरकारी अधिकारी कसं लिहितो, हे तुम्हाला मी वेगळं सांगायला नको.

दोन प्रसंग घ्या. पहिला कोकणचा. उत्तर कोकणात शिलाहार राजा सोमेश्वर होता. 1265 च्या सुमारास महादेवाने त्याच्यावर हत्तींसह स्वारी केली. जमिनीवर हरल्यावर सोमेश्वर जहाजात बसून समुद्रात गेला, तिथेही गाठला गेला आणि बुडून मेला. कोकण यादवांकडे आलं. ठाण्याचा ताम्रपट ज्या अच्युत नायकाचा आहे तो तिथला यादवांचा अधिकारी. हेमाद्रींनी या प्रसंगाचं वर्णन करताना समुद्राची आग परवडली पण महादेवाचा क्रोध नको, म्हणून सोमेश्वराने बुडणंच पसंत केलं, अशा अर्थाची कल्पना केली आहे. मेलेल्या शत्रूवर केलेली ही कोटी दरबारात नक्कीच गाजली असेल. घटना मात्र खरी आहे, कोकणात सत्ता बदलली हे ताम्रपटांवरून दिसतं.

दुसरा प्रसंग वरंगळचा. तिथे काकतीय घराण्याची राणी रुद्रमा राज्य करत होती. हेमाद्री सांगतात की महादेवाने तिचे हत्ती आणि वाद्यं घेतली, पण ती स्त्री आहे म्हणून तिला सोडून दिलं. तेलंगणातल्या परंपरेत हीच गोष्ट उलटी आहे. तिथे रुद्रमा यादवांना हरवते, थेट देवगिरीपर्यंत पाठलाग करते आणि खंडणी घेते. एकच लढाई आणि दोन निकाल. वर्गात हा उपक्रम जरूर घ्या. अर्ध्या वर्गाला हेमाद्रीचा अहवाल लिहायला सांगा, अर्ध्या वर्गाला रुद्रमेच्या कारभाऱ्याचा. मग दोन्ही मोठ्याने वाचा. पुराव्याची चिकित्सा हा शब्द फळ्यावर न लिहितासुद्धा मुलांना तो कळेल.

ही काही आपल्याचकडची गोष्ट आहे असं समजू नका. दूर कोरियात, कोर्यो राज्यात, किम बु-सिक नावाचा अधिकारी होऊन गेला, 1075 ते 1151. हेमाद्रींच्या शंभर वर्षं आधीचा. कोर्योत 958 पासून अधिकारी निवडायला परीक्षा होती, आपल्या स्पर्धा परीक्षेसारखी. हा पंडित माणूस, पण 1135 मध्ये राज्याच्या पश्चिमेला बंड झालं तेव्हा सैन्य घेऊन तोच गेला आणि ते मोडलं. पुढे राजाच्या आज्ञेने त्याने कोरियातल्या जुन्या तीन राज्यांचा इतिहास पन्नास खंडांत तयार करवला, 1145 साली. कोरियाचा सर्वात जुना उपलब्ध इतिहासग्रंथ तोच. त्याचं घराणं जुन्या सिल्ला राज्यातलं, आणि बाकीच्या दोन राज्यांपेक्षा सिल्लाला त्याने झुकतं माप दिलं, असा आक्षेप तिकडचे अभ्यासक आजही घेतात. दप्तर सांभाळणारा, लढाईवर जाणारा आणि इतिहासही लिहिणारा माणूस एकच असला की असं होतं.

परत देवगिरीला येऊ. 1270 च्या सुमारास महादेव वारला. गादी खरं तर कृष्णाचा मुलगा रामचंद्र याची, तो आता मोठा झाला होता. पण महादेवाचा मुलगा आमण गादीवर बसला. रामचंद्राने थोड्याच काळात त्याला हटवलं. महानुभाव परंपरेतले ग्रंथ सांगतात की रामचंद्र आणि त्याची माणसं नाचगाण्याच्या मंडळींत मिसळून किल्ल्यात शिरली आणि खेळ चालू असतानाच आमणला पकडलं. 1271 मध्ये रामचंद्र राजा झाला.

आता हेमाद्रींच्या जागी स्वतःला ठेवून बघा. ज्या महादेवाची स्तुती तुम्ही ग्रंथात लिहून ठेवली, त्याच्याच मुलाला उखडून नवा राजा आलाय. जुन्या राजाची माणसं अशा वेळी सहसा टिकत नाहीत. पण पुढच्याच वर्षीच्या, 1272 च्या ताम्रपटात हेमाद्री मंत्री आहेतच, हत्तीही त्यांच्याकडेच आहेत. नवीन राजाला तलवारवाले बदलता आले, पण गावागावाचे हिशेब ज्याच्या कह्यात आहेत त्याला एकदम कसं बदलणार? हा माझा अंदाज आहे, पण सरकारी नोकरीत वीस वर्षं काढलेल्यांना तो पटेल.

यापुढचा भाग मोठ्या वर्गांनाच सांगा, आणि सांभाळून सांगा.

याच काळात गोदावरीच्या काठाने चक्रधर स्वामी फिरत होते. मूळचे गुजरातचे, इथे येऊन मराठीत बोलणारे, मराठीत शिकवणारे. बायका आणि सगळ्या जातींची माणसं त्यांच्याबरोबर बसत, जेवत, प्रश्न विचारत. सोवळ्याओवळ्याला, विटाळाला त्यांच्याकडे जागा नव्हती. दोन हजार व्रतांचं रजिस्टर आणि हा माणूस, एकाच राज्यात, एकाच वेळी. महानुभावांच्या ग्रंथांत असं येतं की हेमाद्री पंडित आणि महदाश्रम यांच्या पुढाकाराने चक्रधरांवर आरोप ठेवले गेले, पैठणला सभा भरवली आणि त्यांना शिक्षा झाली. त्यानंतर चक्रधर उत्तरेकडे निघून गेले. याच परंपरेत असंही सांगतात की पुढे रामचंद्र राजाची हेमाद्रींवर मर्जी खप्पा झाली आणि त्यांचा शेवट राजाच्याच आज्ञेने झाला.

इथे दरबाराचा कागद आपल्यापुढे नाही, एकाच बाजूचा आहे, हे मुलांना सांगितलं पाहिजे. पण मघाशी आपण हेमाद्रींची एकतर्फी प्रशस्ती वाचली, तीवर इतिहास उभा केला. मग ज्यांच्या गुरूला शिक्षा झाली त्यांची बाजू तेवढ्याच लक्षपूर्वक वाचायला नको का? काहीजण हेमाद्रींच्या प्रेमापोटी हा भाग गाळूनच टाकतात. मला ते योग्य वाटत नाही. मोठ्या अधिकाऱ्याच्या सहीने देवळाला तेल जातं तसं कोणाला हद्दपारही करता येतं, हे त्याच्या चरित्रातून वगळलं तर मग चरित्र उरलं कुठे?

चक्रधर गेल्यावर म्हाइंभटांनी काय केलं ते बघा. ते रिद्धपूरला नागदेवाचार्यांकडे बसले, ज्यांनी ज्यांनी चक्रधरांना पाहिलं होतं त्यांच्याकडे जाऊन आठवणी विचारल्या, कोणी काय सांगितलं ते लिहून घेतलं. त्यातून तेराव्या शतकाच्या उत्तरार्धात लीळाचरित्र तयार झालं, मराठी गद्याचा पहिला मोठा ग्रंथ. हेमाद्रींचा ग्रंथ संस्कृतात आणि त्यांच्यावर आरोप करणारा ग्रंथ मराठीत. 1290 मध्ये, शके 1212 ला, नेवाशात ज्ञानेश्वरी पूर्ण झाली. तिच्या शेवटी रामचंद्र राजाचा गौरवाने उल्लेख आहे. हेमाद्रींचा नाही.

आता त्या तीन पाठांतराच्या ओळी.

मंदिरांचं आधी. मोठमोठे काळे दगड घडवायचे, एकाला खाच आणि दुसऱ्याला कूस ठेवायची, चुना न वापरता एकात एक बसवायचे, बाकीचं काम दगडाचं वजनच करतं. याला आपण हेमाडपंती म्हणतो. पण अंबरनाथचं शिवमंदिर 1060 चं आहे, तिथे तसा लेख आहे. हेमाद्री पंडितांच्या दोनशे वर्षं आधी! आपल्या बीडचं कंकालेश्वर, तेही हेमाद्रींहून जुनं. अंबाजोगाईला तर नावनिशीवार पुरावा आहे. सिंघण राजाचा सेनापती खोलेश्वर तिथला, त्याचे शिलालेख तिथे आहेत. त्याचा मुलगा राम गुजरातच्या स्वारीत मारला गेला, तेव्हा खोलेश्वराच्या मुलीने, लक्ष्मीने, भावाच्या आठवणीसाठी मंदिर बांधलं, तो लेख शके 1162 चा, म्हणजे 1240 चा. हेमाद्री तेव्हा श्रीकरणाधिप झालेलेही नव्हते. आपल्याच जिल्ह्यातल्या एका बहिणीचं नाव विसरून आपण सरसकट हेमाडपंताचं नाव घेतो, याचं मला वाईट वाटतं. हेन्री कझिन्स यांनी 1931 मध्ये दख्खनच्या मध्ययुगीन मंदिरांवर पुस्तक लिहिलं, तेव्हाही लोक प्रत्येक जुन्या देवळाला हेच नाव देतात हे त्यांच्या लक्षात आलं होतं. हेमाडपंती हा शब्द बांधकामाची पद्धत सांगण्यासाठी खुशाल वापरा. फक्त तिच्यामागे एकच माणूस होता असं सांगू नका.

बाजरी मूळची आफ्रिकेतली, आणि ती भारतात येऊन साडेतीन हजार वर्षांच्या वर झाली आहेत, जुन्या वस्त्यांच्या उत्खननात तिचे जळके दाणे सापडतात. लंकेची कथा म्हणजे बिभीषण, राक्षस वगैरे येतात ती, गोष्टीच्या तासाला छान आहे.

मोडीचं प्रकरण थोडं वेगळं. भराभर लिहायला, हात न उचलता, अशी लिपी दप्तरात काम करणाऱ्यांनाच लागते, आणि यादवांचं दप्तर हेमाद्रींकडे होतं, म्हणून लोकांनी हे श्रेय त्यांना दिलं असणार. त्यांच्या काळातला एकही कागद याला दुजोरा देत नाही. जुने जे मोडी कागद आज आहेत ते त्यांच्यानंतरचे. सरकारी लिखाणाचे नमुने सांगणारं मेस्तक म्हणून एक पुस्तक त्यांच्या नावावर चालतं, त्याचंही असंच. पुढे शिवकाळात, पेशवाईत मोडी फोफावली आणि विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत आपल्या सातबाऱ्यांवर, खरेदीखतांवर टिकली. तुमच्या घरी आजोबांचा एखादा मोडी कागद असेल तर पेटीतून काढा आणि मुलांना दाखवा.

हेमाडपंत हे नाव पुढे जणू पदवीच झालं. शिर्डीच्या साईबाबांनी गोविंद रघुनाथ दाभोलकरांना हेमाडपंत म्हटलं, श्रीसाईसच्चरित लिहिणारे ते हेच. ते विसाव्या शतकातले. पालकांपैकी काहींच्या घरी ती पोथी असते, मुलांचा इथे गोंधळ होतो, म्हणून सांगितलं.

1296 मध्ये अलाउद्दीन खलजी देवगिरीवर चालून आला. किल्ल्यात जी पोती धान्याची म्हणून घेतली होती ती मिठाची निघाली, असं पुढे फिरिश्ताने लिहून ठेवलं आहे. रामचंद्राने तह केला, खंडणी मान्य केली. नंतर ती थकली, तेव्हा मलिक काफूर आला, राजाला दिल्लीला नेलं आणि रायरायान हा किताब देऊन परत पाठवलं.

त्यानंतर शके 1232, म्हणजे 1310 चा रामचंद्राचा एक ताम्रपट आहे, आणि तो सापडला आपल्याच जिल्ह्यात, माजलगाव तालुक्यात, गोदाकाठच्या पुरुषोत्तमपुरीला. वासुदेव विष्णु मिराशींनी तो वाचून प्रसिद्ध केला. राजाने आपला मंत्री पुरुषोत्तम याला गावं दिली, त्याचं अग्रहार केलं, त्याची ही नोंद. दिल्लीला खंडणी सुरू आहे, आणि ताम्रपटात मात्र रामचंद्राने थेट वाराणसी जिंकून तुर्कांना तिथून हुसकल्याचं वर्णन. हेमाद्रींच्या जागी आता दुसरी माणसं बसली होती, मजकुराचा थाट मात्र तोच राहिला. ताम्रपट कोरल्यावर सातआठ वर्षांतच यादवांचं राज्य संपलं. पुरुषोत्तमपुरीला आजही दर अधिक महिन्यात मोठी जत्रा भरते, आपल्या गावाकडूनही जीपगाड्या भरून माणसं जातात. पुढच्या अधिक महिन्यात गेलात तर मुलांना घेऊन जा आणि गावाचं नाव कशावरून पडलं असेल ते त्यांनाच विचारा.